चार बोटं माती

"या झाडाचं वजन किती?"

शिवकन्यानं पाण्याचा पाइप खाली टाकला आणि वळून पाहिलं. लातूरच्या औसा रोडवरच्या त्यांच्या नर्सरीत येणारी माणसं नाना प्रश्न विचारायची. केवढ्याला दिलं, फूल कधी येणार, मरणार तर नाही ना... आणि 'थोडं कमी-जास्त करा की' म्हटल्याशिवाय तर एकही गिऱ्हाईक फाटकाबाहेर पडायचं नाही. पण वजन? वजन आजवर कुणी विचारलं नव्हतं.

"झेंडू आहे हो तो, सोनं नाही," ती म्हणाली. "वजनावर देत नाही आम्ही."

"नाही, तसं नाही... घ्यायचंच आहे. पण आधी वजन."

असं म्हणून त्या उंच, किडकिडीत माणसानं पिशवीतून हुकाचा काटा काढला, भंगारवाल्यांकडे असतो तसला, आणि कुंडीचा काठ त्यात अडकवून ती हवेत धरली. बाहेर आषाढाची भुरभुर चालू होती. त्याच्या चष्म्यावर बारीक थेंब बसले होते आणि त्या थेंबांतून तो काट्याकडे इतक्या गंभीरपणे बघत होता, की हसू दाबायला शिवकन्याला ओढणी तोंडाशी न्यावी लागली.

"भंगार घेता का तुम्ही?"

"नाही. फिजिक्स शिकवतो."

हे उत्तर त्यानं इतक्या सरळपणे दिलं, की तिचं हसू ओढणीतून निसटलंच. तोही हसला, पण जरा उशिरानं. मग त्यानं आपला उजवा पंजा आडवा धरला आणि बोटं जुळवून तिला दाखवली. "मला अशी झाडं पाहिजेत, जी एवढ्या मातीत जगतील. चार बोटं. त्याच्यावर नाही."

"हळू बोला. आमच्या आंब्यानं ऐकलं तर हसेल तो."

"आंबा नको. पण काहीतरी जगत असेलच ना चार बोटांत?"

आता खरं सांगायचं तर अशा वेळी शिवकन्या चिडायची. परभणीला शेतीची पदवी घेऊन आल्यावर वडिलांची नर्सरी तिनंच उभी केली होती, आणि 'कमी मातीत, कमी पाण्यात, बिनउन्हाचं झाड द्या' म्हणणाऱ्यांना ती सरळ प्लास्टिकच्या फुलांच्या दुकानाचा पत्ता द्यायची. पण या माणसानं झेंडू खाली ठेवताना एक गोष्ट केली. खोडाला न धरता त्यानं कुंडीच्या बुडाशी हात दिला आणि मोडलेली एक फांदी हलकेच वर सरकवली. एवढं एक तिच्या डोळ्यांनी टिपलं आणि तिचा राग कुठल्या कुठं गेला.

"जगतात," ती म्हणाली. "ज्याची मुळं आडवी पसरतात ते निवडायचं. मेथी, कोथिंबीर, शेपू, पुदिना, कांद्याची पात. फुलांत चिनी गुलाब, पावसाळी लिली. ज्याचं मूळ खाली खोल जातं त्याचा नाद सोडायचा. मोगरा, कढीपत्ता, गुलाब... तिकडं बघूसुद्धा नका."

"तिकडं नाहीच बघत मी," तो म्हणाला.

आणि खरंच तो तिकडं बघत नव्हता. तो शिवकन्याकडे बघत होता. दोघांच्याही हे एकदमच लक्षात आलं, आणि फिजिक्सच्या सरांचे कान मिरचीसारखे लाल झाले. गडबडीनं त्यानं पुदिन्याचा एक ट्रे उचलला, नळाखाली धरला, पाणी निथळू दिलं आणि मग काट्याला लावला.

"ओला का केला?"

"विकत घेताना झाड कोरडं असतं. घरी गेलं की पाणी पितं. ओझं तेव्हाचं धरायला पाहिजे."

ओल्या मातीचं वजन तिला माहीत होतंच, पण झाडाच्या तहानेचा असा आधीपासून विचार करणारं गिऱ्हाईक तिनं पाहिलं नव्हतं. पुदिना घेऊन तो गेला तेव्हा फाटकाशी बसलेल्या तिच्या वडिलांनी, माणिकप्पांनी, विचारलं, "कोण होता गं? काटा घेऊन आलता, मला वाटलं वजनमाप खात्याचा साहेब हाय!"

पुढच्या रविवारी तो पुन्हा आला. त्याच्या पुढच्याही आला. नाव बसवंत. शहरातल्या एका क्लासमध्ये अकरावी-बारावीच्या पोरांना शिकवायचा. शिवकन्यानं त्याचं नाव 'किलोवाले सर' ठेवलं आणि ते त्याच्या तोंडावरच म्हणायला सुरुवात केली. त्यानं मात्र तिला काय म्हणावं हे ठरवायला बरेच दिवस घेतले. नर्सरीत येणारा प्रत्येक पुरुष तिला 'ताई' म्हणायचा. हा 'ते... अहो... तुम्ही' एवढ्यावर भागवायचा. एकदा तिनं मुद्दामच विचारलं, "मला सगळे ताई म्हणतात. तुम्हाला काय अडचण आहे?"

"अडचण अशी न्हाई..." गोंधळला की त्याची भाषा गावाकडं वळायची. "पण ते... तेवढं सोडून काहीपण सांगा."

त्या दिवशी शिवकन्यानं रोपांना पाणी घालता घालता एकाच वाफ्याला दोनदा घातलं. माणिकप्पा बघत होते. त्यांनी नुसता मिशीवरून हात फिरवला.

दोघं मिळून मातीचे प्रयोग करू लागले. फळवाल्यांकडचे उथळ क्रेट त्यानं आणले, आत तिनं शेडनेटचं कापड अंथरलं. काळी माती जड म्हणून मूठभरच घेतली; बाकी नारळाचा भुसा, गांडूळखत, तळाला थर्माकोलचे तुकडे. दर वेळी ओला ट्रे काट्याला लागायचा आणि दर वेळी तो मान हलवायचा. अजून थोडं कमी. शेवटी ती वैतागली.

"अहो, किती पाहिजे ते तरी सांगा! छत कागदाचं आहे का तुमचं?"

"छत पक्कं आहे. अव्वाचा हात कच्चा आहे," तो म्हणाला. "माझी आई. घरात आम्ही दोघंच. तिनं एका हातानं उचललं, तरच तो ट्रे वर जाणार. असं ठरलंय आमचं."

याच्यापुढं त्यानं काही सांगितलं नाही. ट्रेची मांडणी बघायला म्हणून एका रविवारी शिवकन्या स्वतःच स्कुटी घेऊन त्याच्या घरी गेली. अंबाजोगाई रोडच्या मागच्या कॉलनीतलं ते घर छोटं, पण नीटनेटकं होतं. एक गोष्ट मात्र तिला फाटकातूनच दिसली. आजूबाजूच्या प्रत्येक घराच्या डोक्यावर पाण्याची टाकी होती, आणि यांची टाकी अंगणात लोखंडी घोड्यावर उभी होती. छतावर काहीच नव्हतं. वाळत घातलेलं धुणंसुद्धा नव्हतं.

ओट्यावर गुरम्मा बसली होती. पन्नाशीची, कपाळाला विभूती, डावा खांदा जरा उतरलेला. तिनं शिवकन्याला ओट्यावर खुर्ची दिली, पाणी दिलं, मागच्या पत्र्याच्या शेडमध्ये जाऊन चहा करून आणला, सोबत शेंगदाण्याचा लाडू. "खा बाई, लाजून राहू नको," म्हणाली. बोलणं गोड, डोळे मायेचे. पण पावसाची झड ओट्यावर आली, शिवकन्याची ओढणी भिजायला लागली, मागं दार सताड उघडं होतं... तरी 'आत ये' काही ती म्हणाली नाही. खुर्ची तेवढी चार अंगुळं भिंतीकडं सरकवली.

शिवकन्याला ते लागलं. झाडं विकणारी म्हणून बाहेरच्या बाहेर चहा पाजून वाटेला लावतायत की काय? बाहेरच्या जिन्यानं बसवंताच्या मागोमाग ती छतावर गेली तेव्हा तिचा चेहरा उतरलेला होता, आणि त्यानं तो बरोबर वाचला.

"अव्वा कुणालाच आत बोलवत नाही," तो हळू म्हणाला. "तुम्हालाच असं नाही. मामा आले तरी ओट्यावर. ती स्वतःपण आत झाडून-पुसून लगेच बाहेर येते. निजते अंगणात, पत्र्याखाली."

मग त्यानं सांगितलं. त्यांचं गाव किल्लारीच्या बाजूचं. त्र्याण्णवच्या भूकंपात सगळं गेलं. गुरम्मा तेव्हा नव्यानं लग्न होऊन आलेली, आणि तिच्या मागोमाग आलेली धाकटी जाऊ, सिंधु. विसर्जनाची रात्र होती. सिंधु ओट्यावर निजली होती, भुरभुर आली तशी ती भिजायला लागली, आणि गुरम्मानं तिला हाक मारली, 'आत ये गं, भिजशील.' ती आत आली. पहाटे माळवद खाली आलं. कमरेएवढी माती होती त्या छतावर. गुरम्माला लोकांनी बाहेर काढलं, खांदा मोडला होता. सिंधु गेली.

"तेव्हापासून 'आत ये' हे तिच्या तोंडून निघत नाही," बसवंत म्हणाला. "आणि छतावर माती म्हटलं की ती थरथर कापते. पण झाडांचा नाद लई आहे तिला. गावाकडं परसात काय नव्हतं! म्हणून म्हटलं, एकेक ट्रे तिच्याच हातानं तोलून वर न्यावा. कधीतरी भीती थोडी... म्हणजे, बघू."

शिवकन्या त्या मोकळ्या छताकडे बघत राहिली.

"दोन ठिकाणचे लोक आले होते मला बघायला," तो उगीच हसत म्हणाला. "ओट्यावरूनच परत गेले. 'पोरीवाल्यांना दारात बसवलं' म्हणून गावभर झालं. अव्वाच म्हणते, कुणाच्या लेकीला मी छताखाली बोलवणार न्हाई. मग मी तो विषयच बंद केला."

हे सांगताना त्याच्या आवाजात आईविषयी तक्रारीचा एक शब्द नव्हता. शिवकन्यानं आजवर तीन मुलं नाकारली होती, आणि तिघांनीही पहिल्या भेटीत 'लग्नानंतर नर्सरी सोडाल ना' असं विचारलं होतं. इथं एक माणूस आईची भीती खांद्यावर घेऊन, चेष्टेला न जुमानता, काटा हातात धरून गावभर हिंडत होता. तो तिला फार आवडला. इतका, की जिना उतरताना पायऱ्या दिसेनात. आणि हाच माणूस 'विषय बंद' म्हणून बसला होता.

श्रावणात बाग वर चढू लागली. बसवंत ट्रे भरायचा, शिवकन्या रोपं लावायची, आणि जिन्याच्या पहिल्या पायरीशी गुरम्मा नाक्यावरच्या पोलिसासारखी उभी राहायची. प्रत्येक ट्रे उजव्या हातानं उचलून बघायची. मेथी पास झाली. कोथिंबीर पास. लिलीच्या कंदांचा ट्रे उचलून ती म्हणाली, "लई झालं हे. काढ मूठभर." बसवंतानं मूठभर काढली. "आनखी." आणखी काढली. मग मानेनं खूण झाली आणि लिली वर गेली. वर मात्र गुरम्मा गेली नाही. खालूनच विचारायची, "मेथी फुटली का? पुदिन्यानं धरलं का?"

"या की वर, बघा," शिवकन्या म्हणायची.

"तूच सांग. तुझे डोळे तेच माझे डोळे."

वर दोघंच असायचे. खरं तर काम थोडं आणि बोलणं जास्त.

"सर, कोथिंबिरीला इतकं वाकून काय बघताय? पेपर तपासताय का?"

"उगवणीत दोन दाणे नापास आहेत."

"ग्रेस द्या."

"तुम्ही म्हणत असाल तर देतो."

उथळ माती ऊन पडलं की दुपारपर्यंत सुकायची, म्हणून तो सकाळी क्लासला जायच्या आधी आणि संध्याकाळी आल्या आल्या पाणी घालायचा. झारी संपत आली की शेवटचं पाणी ओंजळीत घेऊन कोपऱ्यातल्या रोपाला द्यायचा. शिवकन्या ते बघायची आणि मग पटकन दुसरीकडे बघायची. गणपतीच्या दिवसांत तिनं नर्सरीतून चिनी गुलाबाच्या रुंद पानांच्या काड्या आणल्या. गुरम्मानं तोललेले तीन ट्रे वर नेऊन मग त्यांत लावल्या. लाल देठ, गुबगुबीत पानं. चार बोटं मातीत ही जात इतकी खूश असते, की आठवड्यात ट्रेचा काठ दिसेनासा झाला.

"कळ्या धरल्यात," ती म्हणाली. "दोन-चार दिवसांत बघा, रंगांची जत्रा होईल."

जत्रा काही झाली नाही. तिसऱ्या दिवशी दुपारी फोन आला. बसवंत धापा टाकत होता.

"घोळ झाला!"

"काय झालं?"

"अव्वानं घोळ केला! म्हणजे... घोळाची भाजी केली! तुमच्या चिनी गुलाबाची! खाऊन बसली, आता मलापण वाढायली. चालतं का हे? काही होईल का तिला?"

शिवकन्या पटपट आठवू लागली. कुळ तर एकच. रानातली घोळ बाया पिढ्यान्‌पिढ्या खातात, त्यातलीच ही फुलांची जात. पण आपण काड्यांवर औषध मारलं होतं का? नव्हतं. निंबोळीचा अर्क तेवढा, तोही जुना. "काही होत नाही. आलेच मी," म्हणून तिनं स्कुटी काढली. नेहरू चौकापाशी लाल सिग्नलला थांबली, तेव्हा कुठं तिच्या डोक्यात उजेड पडला. ते तिन्ही ट्रे तर छतावर होते.

ती पोचली तेव्हा गुरम्मा ओट्यावर ठणठणीत बसली होती आणि बसवंत समोर उभा होता. शिवकन्यानं विचारलं.

"मावशी, तुम्ही वर गेला होता?"

"मग? घोळ काय उडून खाली येती का?" गुरम्मा फणकारली, पण तिची नजर पायांकडं होती. "हा क्लासला गेलता. तू म्हणलीस दाट झालंय म्हून. म्या म्हणलं बघावं, जिन्यावरनंच डोकावलं. तर अख्खे तीन ट्रे घोळ माजलेली! तण वाढू द्यायलेत पोरं, आन् भाजी वाया चालली... मग ऱ्हावलं न्हाई. बसले खुडत."

"किती वेळ बसला होता?"

"काय म्हाईत. खुडून संपेपर्यंत." ती थांबली. मग जरा चिरक्या आवाजात म्हणाली, "खाली आल्यावर ध्यानात आलं, की आपन वर होतो."

बसवंतानं चष्मा काढला आणि सदऱ्याच्या टोकानं पुसायला लागला. बराच वेळ पुसत राहिला.

"चव कशी होती मावशी?"

"कायी चव न्हाई! घोळ कशी आंबूस लागती. ही नुसती बुळबुळीत. तू दिलीस म्हून खाल्ली." आणि ती हसली. अंग हलवून, उतरलेला खांदासुद्धा हलेल अशी. शिवकन्याही हसली, बसवंतही हसला. तिघांनी ती बेचव भाजी ज्वारीच्या भाकरीसंगं संपवली. ओट्यावर बसूनच.

इथवर सगळं गोड चाललं होतं, आणि नेमकं तेव्हाच उदगीरहून स्थळ आलं. मुलाचं कापडाचं दुकान, माणसं भली. दसऱ्याला बघायला येणार. माणिकप्पांनी तिला विचारलं, "हो म्हणू का नको म्हणू? तुझ्या मनात काय हाय ते एकदा सांग, बाई. मला रोपं कळतात, माणसं कळत न्हाईत."

"उद्या सांगते," ती म्हणाली.

दुसऱ्याच दिवशी बसवंत नर्सरीत आला, चिनी गुलाबाच्या नव्या काड्यांसाठी. तिनं काड्या छाटता छाटता सांगून टाकलं. उदगीर. दसरा. कापडाचं दुकान.

बसवंत काड्या मोजत होता, तो तसाच थांबला. "बरं... चांगलं आहे."

"चांगलं आहे?"

"म्हणजे... माणसं चांगली असतील तर..."

"वजन करून बघितलं का त्यांचं? ओलं का कोरडं?" शिवकन्याचा आवाज चढला. कात्री तिनं टोपलीत आपटली. "सगळ्या जगाचं ओझं मोजता तुम्ही. मेथीचं मोजता, पुदिन्याचं मोजता. माझ्या मनावर काय ठेवलंय ते कधी दिसलं का तुम्हाला?"

पलीकडं नळ ठिबकत होता.

"दिसलं," तो म्हणाला. "पहिल्याच दिवशी दिसलं. म्हणून तर ताई म्हणालो नाही." त्यानं तिच्याकडे पाहिलं, आणि या वेळी नजर काढून घेतली नाही. "शिवकन्या, मला तू पाहिजेस. लई पाहिजेस. तू छतावर असलीस की मला खाली यावंसं वाटत नाही. पण मी तुला कुठं नेऊ? माझ्या घरात तुला कुणी 'ये' म्हणणार नाही. लग्न करून आलीस तरी ओट्यावर उभी राहशील आणि अव्वा तुला खुर्ची देईल. तुझा तसा अपमान मला बघवणार नाही, आणि अव्वावर जबरदस्ती मला करायची नाही. मग मी काय बोलणार होतो?"

त्याचं पहिलंच 'तू' होतं ते. शिवकन्याचा राग विरघळला, पण डोळे भरून आले ते थांबेनात. "हे आधी बोलायचं होतं," ती म्हणाली. "माझं उत्तर परस्पर तुम्हीच ठरवून टाकलंत."

"मग उत्तर काय आहे?"

"ते मी मावशींना सांगते."

दोघं घरी आले तेव्हा दुपार उतरायला लागली होती. गुरम्मा ओट्यावर मेथी निवडत होती, छतावरचीच. दोघांचे चेहरे बघून तिनं मेथी खाली ठेवली. शिवकन्या खुर्चीवर बसली नाही. तिच्यासमोर फरशीवर बसली.

"मावशी, मला बसवंतांशी लग्न करायचंय."

गुरम्मानं शिवकन्याचा हात आपल्या उजव्या हातात घेतला. "मला दिसत न्हाई व्हय? दोघं वर जाता आन् तासभर मेथीला पानी घालता. कुठल्या मेथीला एवढं पानी लागतं?" ती हसली, मग हसू मावळलं. "तू मला लई आवडतीस, बाई. माझी लेक असतीस तर आशीच असतीस. पर मला तुला आत बोलवता येत न्हाई. किती दिवस झाले, तू आली की म्या मनात घोकायले. तोंडापर्यंत येतं. आन् मग ती दिसती, अंग पुसत आत येताना. माझी जीभ उचलत न्हाई. मरंपर्यंत उचलायची न्हाई, मला म्हाईत हाय."

तिनं डोळे पुसले आणि वर पाहिलं.

"म्हून इचारते. मी बोलावणार न्हाई. तू आपली आपन येशील का?"

बसवंत अंगणात टाकीला टेकून उभा होता.

शिवकन्या उठली. चपला तिनं ओट्याच्या खाली नीट ओळीनं काढल्या. ओढणी सारखी केली. एकदा वर, दाराच्या चौकटीच्या वरच्या छताकडे बघितलं, कारण आता तिलाही ते बघितल्याशिवाय राहवलं नाही. आणि ती आत गेली.

आतलं घर गार होतं. फिनेलचा वास येत होता. भिंतीला देव्हारा, कोपऱ्यात बंद पंखा, आणि मधोमध एक सोफा, दुकानातून आणला तेव्हाच्या प्लास्टिकसकट. त्यावर कधी कुणी बसलंच नव्हतं. शिवकन्या त्याच्यावर जाऊन बसली. करकर आवाज झाला. बाहेर कुणीच हललं नाही. तिला गुरम्माची पाठ दिसत होती, ताठ, दगडासारखी. ती पाठ काय ऐकण्याची वाट बघत होती, हे शिवकन्याला कळलं. तिनं पंख्याचं बटण दाबलं. पंखा फिरायला लागला. भिंती जागच्या जागी होत्या.

मग तिनं हाक मारली.

"अव्वा, आत या की. मी एकटीच बसलेय."

गुरम्मा वळली. उंबऱ्याशी आली, चौकटीला हात लावून थांबली, आणि मग एक पाय आत, दुसरा पाय आत, अशी चालत येऊन शिवकन्याच्या शेजारी बसली. तिचा तळवा घामानं भिजला होता. शिवकन्यानं तो घट्ट धरून ठेवला. दोघी तशाच बसल्या, वर न बघता.

बसवंत दारात येऊन उभा राहिला होता. त्याच्या गालांवरून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचंही त्याला सुचत नव्हतं.

"बघत काय उभा ऱ्हायलास?" गुरम्मा त्याच्यावर खेकसली. "ह्या सोफ्याचं प्लास्टिक काढ आधी. सून घसरायली माझी."